पल्याडचा झिरा लवकर भरतो

१

लावता पैज? एक घर सांगतो. त्या घरात तीन बायका. सासू, सून आणि नात. गोष्ट संपेस्तवर तिघींतली एक त्या घरातून उणी होणार. कोण, ते आत्ताच बोला. मनातल्या मनात नाय, तोंडानं. मागाहून ‘मला आधीच कळलं होतं’ म्हणणारे शहाणे इथं चालत नाय.

सासू म्हणालात ना? म्हणा, म्हणा. सगळे सासूच म्हणतात.

मोखाड्याहून जीप जिथवर जाते तिथून पुढं तासभर पायी, असा तो पाडा. अठरा घरं, कुडाच्या भिंती, वर माळ, खाली दरी. घर वामनचं. पण वामन दिवाळी झाली की भिवंडीकडं वीटभट्टीला जायचा तो मिरगालाच परत यायचा. मागं राहायची त्याची बायको माघी, पाच वर्षांची पोरगी रुपी आणि आई बुधी. बुधीचे गुडघे गेलेले. दिवसभर ओट्यावर बसून येणाऱ्या-जाणाऱ्याला नावं ठेवायची. ते काम मात्र चोख करायची.

साल म्हणाल तर दोन हजार लागायला वर्षाच्या आत-बाहेर. दोन हजार लागलं की जगबुडी होणार, असं बाजारात लोक सांगायचे. पाड्यावर कोणाला त्याची भीती नव्हती. प्यायला पाणी नाय, तर बुडायचं कशात?

त्या पाड्याची एक रीत होती. पाण्याला जा, लाकडाला जा, रानात कुठंही जा, घरातल्या एकाला सांगून जायचं. ‘जाते. वाट बघ.’ आणि मागं राहणाऱ्यानं म्हणायचं, ‘बघते.’ ज्यानं ‘बघते’ म्हटलं त्यानं जाणारा परत येईस्तवर उंबऱ्याबाहेर पाय टाकायचा नाय. शेजारीण चालत नाय, घरचंच माणूस लागतं. ज्याची कोणी वाट बघत नाय त्याला रान परत देत नाय, असं म्हणायचे. सुकरी नावाची एकटी बाई होती, ती कोणाला न सांगता कंद खणायला गेली. तिची टोपली सापडली. टोपलीत कंद पण होते. सुकरी तेवढी नव्हती.

माघी रुपीला सांगून जायची. रुपी उंबऱ्याच्या आत मांडी घालून बसायची, दोन्ही हात गुडघ्यांवर, जशी काय तलाठीच.

“जाते गं. वाट बघ.”

“बघते,” रुपी म्हणायची. ठसक्यात.

२

चैत्रात विहिरीचा तळ दिसायला लागला. कपारीतून पाणी पाझरायचं, बायका खाली उतरून करवंटीनं भरायच्या. रांगेत माणसं नाय, हंडे उभे राहायचे. रांगेत हंडा लावायचा आणि आपला नंबर येईस्तवर डोक्याला हात लावून बसायचं. दोन हंड्यांना निम्मा दिवस. आणि तिकडं रोजगार हमीच्या रस्त्यावर मुकादम सकाळीच हजेरी घेऊन मोकळा व्हायचा. हजेरी चुकली की काम नाय, काम नाय तर डब्यातली नागली किती दिवस पुरणार?

“काय गं माघे,” हिराबाई म्हणाली, तिचे चार हंडे माघीच्या पुढं, “तुझा हंडा का सारखा माझ्या हंड्याला ढुशी मारतो?”

“हंडा नाय मारत,” माघी म्हणाली, “मी मारते.”

बायका हसल्या. पण हसून हंडा भरत नाय. त्या दिवशी पण माघीची हजेरी चुकली.

दुपारी ती बुधीपाशी येऊन बसली. “आत्ये, माळाच्या पल्याड काळ्या कातळाखाली एक झिरा हाय ना? तिकडं का नाय जात कोणी?”

बुधी दात नसलेल्या तोंडात तंबाखू फिरवत होती. म्हणाली, “तिथं पाणी लवकर भरतं.”

“मंग चांगलंच की!”

“मी कुठं वाईट म्हटलं? लवकर भरतं म्हटलं. जायचं तर जा. पण कोणाला वाट बघायला लावून जाऊ नको.”

“आणि परत नाय आले म्हणजे?”

“म्हणून तर कोणी जात नाय,” बुधी म्हणाली आणि पचकन थुंकली.

आता तुम्ही सांगा. सासू असं बोलली तर सून काय करेल? बरोबर. दुसऱ्या दिवशी सकाळीच गेली.

३

चुलीवर भाताचं पातेलं ठेवलं, रुपीला वाट बघायला बसवलं आणि दोन हंडे घेऊन माघीनं माळ ओलांडला. चालायला फार नव्हतं. काळा कातळ, त्याला बोटभर भेग, भेगेतून दोऱ्यासारखी धार, खाली परातीएवढा खळगा. बघूनच माघीनं ओळखलं, ह्या धारेला एक हंडा भरायला जेवणवेळ होईल. ह्यापेक्षा विहिरीवर हिराबाईचं तोंड बरं होतं. पण आली आहे तर लावू म्हणून तिनं हंडा धारेखाली ठेवला आणि डोक्यावरची चुंबळ नीट करायला मान वळवली.

मान परत फिरवली तर हंडा काठोकाठ भरलेला.

तिनं धारेकडं बघितलं. दोराच. जाड नाय झाला, बारीक नाय झाला.

मंग तिनं दुसरा हंडा लावला आणि ठरवलं, नजर हटवायची नाय. तुम्ही पाणी भरलं असेल तर तुम्हाला ठाऊक, हंड्याचा आवाज बदलत जातो. रिकामा हंडा टणटण वाजतो, मंग आवाज भरत भरत जड होत जातो, शेवटी गळ्याशी आल्यावर गुडगुड करतो. माघीनं टण ऐकलं. दुसरं टण ऐकलं. आणि एकदम गुडगुड. मधला आवाजच नाय. मधला आवाज कोणीतरी काढून नेल्यासारखा.

अंगावर काटा आला का? आला. पण दोन भरलेले हंडे समोर असले की काटा फार वेळ टिकत नाय.

घरी आली तर भाताला उकळी पण फुटली नव्हती. रुपीनं धावत येऊन पायांना मिठी मारली, इतकी घट्ट की हंडा हिंदकळला.

“लय वेळ लावलास आये!”

“चल खोटारडे. भात बघ, अजून कच्चा हाय.”

रुपीनं भाताकडं बघितलं.

४

मंग काय, दिवसच पालटले. सकाळी दोन हंडे, संध्याकाळी दोन हंडे, आणि हजेरीला माघी सगळ्यांच्या आधी. मुकादम म्हणाला, “हिच्या घरी नळ आला की काय?” विहिरीवर हिराबाईला भांडायला माणूस उरलं नाय, ती वाळत चालली.

मोखाड्याच्या बाजारातून माघीनं रुपीला हिरव्या बांगड्या आणल्या. दुकानदारानं वय ऐकून मापानं दिल्या होत्या, हातात सैल फिरत होत्या. पंधरा दिवसांनी बांगड्या मनगटात रुतल्या. साबण लावून काढाव्या लागल्या, एक फुटली.

“बाजारचा माल,” माघी म्हणाली. “घामानं आवळला असेल.”

काचेची बांगडी घामानं आवळते हे मी पण तेव्हाच ऐकलं.

महिना भरला तशी अंगणवाडीची उज्ज्वलाताई पोरांची वजनं करायला आली. आंब्याच्या फांदीला झोळीचा काटा टांगला. पाड्यावरची बाकीची पोरं झोळीत बसली तरी काटा हलायला लाजत होता. रुपी बसली आणि काटा सरसर खाली गेला. उज्ज्वलाताईनं काट्यावर टिचकी मारली. परत वजन केलं.

“माघे, काय खायला घालतेस गं हिला?”

“नागलीची भाकर. तुम्ही देता ती सुकडी.”

“सुकडी सगळ्यांनाच देते. तिनं कोणी असं फुगत नाय.” ताईनं रुपीचं कार्ड काढलं, जन्मतारीख बघितली, रुपीचं तोंड उघडून बघितलं. पुढचे दोन दात पडून तिथं नवे, मोठे, कातरलेले दात आले होते. ताई हसली, पण अर्धवट. “तारीख माझ्याकडूनच चुकली असेल. ही पाचाची नाय, सात-आठाची वाटते.”

“बाळंतीण मी होते ताई,” माघी म्हणाली. “वीज पडून आंबा जळला त्या पावसाळ्यात झाली. पाचच.”

“मंग तुझं नशीब समज,” ताई म्हणाली. “दुसऱ्या आया पोरं वाढत नाय म्हणून रडतात.”

माघी त्या दिवशी मान वर करून पाड्यातून फिरली. ओट्यावरून बुधी बघत होती. तिनं कोणालाच नावं ठेवली नाय. तेव्हाच माघीनं ओळखायला पाहिजे होतं.

५

वैशाखात झिऱ्याची धार तुटली. दोरा गेला, थेंब राहिले. थेंब, मंग थांबणं, मंग थेंब. हंडा मात्र लावला की भरलेला. थेंब कितीही लांबले तरी हंड्याला काय फरक नाय.

फरक रुपीत पडत होता. आता ती धावत येत नव्हती. माघी आली की उंबऱ्याच्या आतून नुसती बघायची, माणूस ओळखीचं हाय का नाय ते आठवत असल्यासारखी. बोलायला लागली की पहिले दोन शब्द आवाज बसल्यासारखे यायचे. आणि खायची! भाकर मोडायची पण नाय, तशीच तोंडात कोंबायची.

एका सकाळी माघी पाणी उतरवत होती, तेव्हा तिला कोपऱ्यात शिंदीच्या पातींची विणलेली पट्टी दिसली. चटई विणायला बुधीनं आदल्या संध्याकाळी रुपीला चार-पाच पाती दिल्या होत्या, हिरव्या, करकरीत. माघीनं पट्टी उचलली. ती कापडासारखी मऊ लागली. पाती झिजून झिजून दोऱ्या झाल्या होत्या.

“हे कोणी केलं?”

“मी.”

“कवा?”

“तू पाण्याला गेलीस तवा.”

“आत्ता? एवढ्यात?”

“विणलं, उसवलं. परत विणलं, परत उसवलं,” रुपी म्हणाली. “पाती तेवढ्याच होत्या ना.”

माघी खाली बसली. “रुपे, मी गेले की तू काय करतेस?”

“बसते.”

“मंग?”

“तू गेलीस की मंग धूर थांबतो.” रुपीनं चुलीकडं बोट केलं. “तिथं, वरती जातो ना, तिथंच थांबतो. कोंबडीचा एक पाय वर असतो, तो वरच राहतो. आजी तोंड उघडं ठेवून थांबते. मी आत बोट घालून बघितलं. गरम होतं.”

“आणि भात?”

“कच्चाच राहतो. मी किती झोपले, किती उठले तरी कच्चाच. ऊन पण तिथंच.”

माघीला हसायचं होतं. तोंड वाकडं झालं, हसू आलं नाय. “मंग बाहेर येऊन हाक का नाय मारलीस मला?”

रुपीनं तिच्याकडं असं बघितलं, जसं पाच वर्षांचं पोर कधी बघत नाय.

“उंबरा सोडला तर तू यायची नायस ना. तूच सांगितलंस.”

६

पोरांचं बोलणं. ऊन डोक्याला लागतं, म्हातारी काहीबाही सांगते, पोरं मनानं रचतात. माघीनं रात्रभर स्वतःला हेच समजावलं आणि सकाळी स्वतःचंच ऐकलं नाय. वामनचं दाढीचं पातं काढून तिनं रुपीची नखं कापली. दहाच्या दहा, मांसापर्यंत. चूल पेटवायला घेतली, ओलं लाकूड नुसतं धुमसत होतं. हंडे घेतलेच नाय, एक कळशी घेतली.

“जाते. वाट बघ.”

रुपीचा खालचा ओठ हलला. “बघते,” ती म्हणाली.

झिऱ्यावर माघीनं कळशी आधी लावली नाय. थेंबाकडं बघत उभी राहिली. एक थेंब पडला. तिनं पाड्यावरची नावं घ्यायला सुरुवात केली, घर, घरधनी, बायको, पोरं. अठराही घरं संपली तेव्हा दुसरा थेंब पडला. अशा थेंबांनी कळशी भरायला किती दिवस लागावेत? किती महिने? आणि हा जो काळ हिला लागत नाय, तो जातो कुठं? कोणाला तरी तो बसून काढावाच लागत असेल ना.

हे सगळं डोक्यात आलं, आणि तरी तिनं कळशी लावली. बघायचं होतं. माणसाला बघायचंच असतं, तुम्हाला नाय का?

टण. गुडगुड.

ती धावत घरी आली. ओलं लाकूड अजून धुमसतच होतं, पेटलं नव्हतं. रुपी उंबऱ्याच्या आत बसली होती. माघीनं तिचे हात ओढून घेतले. नखं बोटाच्या पुढं वाकून आली होती, पिवळी, दोन कुरतडलेली, एक मुळापासून तुटून तिथं रक्त वाळलेलं. केस कपाळावरून खाली डोळ्यांत आलेले.

“पाणी आणलंस?” रुपीनं विचारलं. आवाज एकदम शांत.

माघी कळशी ओतून द्यायला बाहेर गेली आणि तशीच उभी राहिली. हात उठला नाय. त्या दिवशी तिघी तेच पाणी प्याल्या.

पण झिऱ्यावर जाणं तिनं तोडलं. हजेरी गेली तर जाऊ दे. विहिरीवर परत हंडा लावला, हिराबाईच्या मागं. हिराबाईला इतका आनंद झाला की तिनं शिवी पण दिली नाय.

७

मंग विहीर गेली. गाळ उरला, गाळात बेडूक. तीन दिवसांआड जीपच्या रस्त्यापर्यंत टँकर यायचा, तो घाटात बंद पडला. पाड्यावर कोणाच्या घरी भांडं वाजलं की लोक वळून बघायचे, पाणी आहे की काय.

बुधी कोणाला न विचारता, गाळ बसायला ठेवलेलं विहिरीतलं गढूळ पाणी प्याली. दुसऱ्या दिवशी पहाटेपासून जुलाब. सूर्य वर येईस्तवर म्हातारीचे डोळे आत गेले, कातडी चिमटीत धरली तर तशीच उभी राहायची. उज्ज्वलाताई आली. तिच्या बाटलीत घोटभर होतं, त्यात मीठ-साखरेची पुडी कालवून पाजलं.

“मी जीप आणते मोखाड्याहून. यायला संध्याकाळ होईल. तवर घोट घोट पाणी पाजत राहा माघे. थांबलीस तर संध्याकाळी मला न्यायला कोणी उरणार नाय.”

“ताई, पाणीच नाय.”

ताई पळत गेली.

माघी अठराही घरी फिरली. हिराबाईनं वाटीभर दिलं, ते पण स्वतःच्या नातवाच्या वाटणीचं. वाटी तासात संपली.

राहिला पल्याडचा झिरा. दोन दिवसांपूर्वी लाकडं तोडताना माघीनं तो लांबून बघितला होता. थेंब पण नव्हता आता. भेगेत नुसती ओल, घाम आल्यासारखी.

न सांगता जावं? सुकरीची टोपली तिच्या डोळ्यांपुढं आली. मी परत आले नाय तर म्हातारी संध्याकाळपर्यंत आणि पोर कधीपर्यंत?

रुपी कोणी न सांगताच उठली आणि उंबऱ्याच्या आत जाऊन बसली. दोन्ही हात गुडघ्यांवर. “जा तू,” ती म्हणाली. “मी बघते.”

“नाय,” माघी ओरडली. “बघते म्हणू नको! गप!”

“मला बसव,” बुधी खाटेवरून पुटपुटली. “मी बघते तुझी वाट.”

“तू बघता बघता मेलीस म्हणजे आणलेलं पाणी कोणाला पाजू, चुलीला?”

बुधी हसली. खरंच हसली. मंग तिला परत कळ आली.

तेव्हा माघीनं फळीवरचा तांब्या काढला. हंड्यापुढं तांब्या म्हणजे काय, चूळ भरायचा. तांब्याला किती लागेल? वर्ष? दोन? दोन वर्षं बसेन. पोर बसली, मी नाय बसणार?

“रुपे, आज तू जा. काळ्या कातळाखाली भेग हाय, तिला हे लावायचं. तांब्या. एवढाच. भरला की पळत ये.”

रुपीनं तिच्याकडं बघितलं. काय कळायचं ते तिला कळलं. “आये, तिथं बसून लय—”

“ठाऊक हाय मला. जा.”

“जाते,” रुपी म्हणाली. “वाट बघ.”

“बघते.”

माघी बुधीला पुसायला वळली, एवढ्यात रुपी ओट्यावरून उतरली. माघी परत उंबऱ्यापाशी आली तेव्हा पोर माळाच्या वळणावर पोचली होती. तांब्या हातात होता. आणि डोक्यावर ओट्यावरचा हंडा.

“रुपे! हंडा ठेव! हंडा नको!”

रुपीनं लांबून हात हलवला. “भरून आणते! आजीला, तुला, सगळ्यांना!”

धावून गेली असती तर वळणावरच गाठली असती. माघीचा पाय उचलला गेला, उंबऱ्यावरून पलीकडं गेला, वरच्या वर थांबला. खाली टेकवला की वाट बघणारं कोणी उरत नाय, आणि पोर तर निघालेली. तिनं पाय मागं घेतला. घसा फाटेस्तवर हाका मारल्या. वळणावर कोणी नव्हतं.

मंग ती रुपीच्या जागेवर बसली. बसल्यावर तिला कळलं, तिथली जमीन खोलगट झाली होती. शेणानं सारवलेली, पण बसून बसून गुळगुळीत. एका लहान पोराच्या मापाची.

८

चुलीतला धूर उभा राहिला. दोरीसारखा, छपराखाली.

बुधीचं तोंड उघडं राहिलं. तिच्या ओठाजवळ एक माशी होती, हवेत, पंख पसरून.

आवाज गेला. सगळाच. इतका, की माघीला आपल्याच कानातलं रक्त ऐकू आलं.

ऊन ओट्याच्या तिसऱ्या पायरीवर होतं. तिथून ते हललं नाय. रात्र झालीच नाय. ती उन्हातच झोपली, उन्हातच उठली. पहिल्या काही झोपा मोजल्या, मंग मोजणं सुटलं. भूक यायची, पोटात पीळ घालायची, आणि जायची नाय, आणि मारायची पण नाय. हे सगळं त्या पोरीला ठाऊक होतं. एवढ्याशा पोरीला.

केस खांद्यावरून कमरेवर आले. काळे होते तवर ती वेणी घालत होती.

पाय किती वेळा उचलला ते विचारू नका.

कवा तरी एक दात मांडीवर पडला. तो तिनं उंबऱ्याच्या कडेला ठेवला. मंग त्याच्या शेजारी दुसरा. बुधीच्या तोंडात बोट घालून बघायची. गरम लागलं की परत येऊन बसायची. शेवटी शेवटी तिला आठवायचं नाय, कोणाची वाट बघते ते. वाट बघायची असते एवढंच आठवायचं.

आणि माशी उडाली.

९

“आये! काठोकाठ! लावला नाय तर भरला!”

रुपी ओट्याच्या खालच्या पायरीशी आली आणि थांबली. पाण्याच्या वणवणीत वाढलेली पोर ती. हंडा पाडला नाय. आधी खाली ठेवला, तांब्या त्याच्या शेजारी ठेवला, मंग रडली.

म्हातारीला पाणी मिळालं. घोट घोट, दुपारभर. बुधीनं डोळे उघडले, पाजणाऱ्या हाताकडं बघितलं, मंग तोंडाकडं. बराच वेळ बघितलं.

“माझ्यापेक्षा म्हातारी दिसतेस गं,” ती म्हणाली आणि तिचा हात हातात घेतला.

संध्याकाळी उज्ज्वलाताई जीपचा माणूस आणि डोली घेऊन आली. “माघी कुठंय? आणि ह्या कोण?”

रुपी तोंड उघडणार, तेवढ्यात बुधी बोलली. “माझी लांबची बहीण. माघी लाकडाला गेली. पोरगी खेळत होती, वाट बघायला कोणी नव्हतं.”

पाड्यावरच्या लोकांनी तीन दिवस रान पालथं घातलं. माघी मिळाली नाय, आणि त्यांना त्यात नवल वाटलं नाय.

मिरगाला वामन आला. रुपीला बघून म्हणाला, केवढी वाढली. मंग त्याला सांगितलं. तो विहिरीच्या काठावर बसून ढसाढसा रडला आणि त्याच्या पाठीवरून हात फिरवायला आईची बहीण गेली. तिला नीट बोलता येत नव्हतं, तोंडात दात नव्हते. काय सांगणार होती? आपण कोण ते सांगितलं असतं तर त्यानं काय करावं होतं?

बुधी त्यानंतर सात पावसाळे जगली. दोघी म्हाताऱ्या ओट्यावर बसायच्या, एक नावं ठेवायची, दुसरी ऐकायची.

त्या उन्हाळ्यानंतर दोन वर्षांनी लोकांनी वामनला दाभोशाकडची रंजना नावाची बायको बघितली. तरणाबांड गडी, किती दिवस एकटा राहणार? हळदीला पाड्यावरच्या म्हाताऱ्या-कोताऱ्या सगळ्या जमल्या. रीतीप्रमाणं घरातल्या मोठ्या बाईनं आधी हात लावायचा. बुधीला उठवत नव्हतं, म्हणून बहिणीला पुढं केलं. माघीचं वय तेव्हा अठ्ठावीस. तिनं दोन्ही हातांनी वामनच्या गालांना हळद लावली, कपाळाला लावली, परत गालांना लावली. हात जरा जास्तच थांबला.

वामन हसला. “पुरे मावशे,” म्हणाला, “बाकीच्यांना पण लावू दे.”

ती बाजूला सरली.